तीन अंतिम सामने, एक गोल

गोल करणाऱ्याचे नाव साऱ्यांच्या ओठी असते. गोल अडविणाऱ्याचे नाव मात्र गोल झाला तरच निघते. १९५६, १९६० आणि १९६४ अशा सलग तीन ऑलिम्पिकच्या अंतिम सामन्यांत भारताच्या गोलसमोर उभे राहून अवघा एक गोल स्वीकारणारे महूचे शंकर लक्ष्मण यांच्या वाट्याला हेच आले. त्यांच्या कारकिर्दीचा हा मागोवा.

----

धुळ्याहून आग्रा रोडने उत्तरेकडे निघाले की शिरपूर मागे पडते आणि सातपुड्याची रांग समोर येते. बिजासनचा घाट ओलांडून सेंधवा, खलघाटला नर्मदा, पुढे मानपूरचा घाट आणि मग माळव्याच्या पठारावर महूची छावणी. जळगाव-भुसावळकडच्या माणसाला एके काळी दुसरी वाट होती. खांडव्यापर्यंत मोठी गाडी आणि तेथून पातालपाणीचा डोंगर चढत जाणारी मीटरगेजची छोटी गाडी. खानदेशातील काही परगणे होळकरशाहीत होते, तेव्हापासून या दोन प्रदेशांचे येणे-जाणे आहे. १८१८ मध्ये होळकर आणि इंग्रज यांच्यात मंदसौरचा तह झाला आणि त्यानंतर इंग्रजांनी महू येथे छावणी वसवली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे जन्मस्थान म्हणून हे गाव महाराष्ट्राच्या घराघरांत ठाऊक आहे. २००३ मध्ये गावाला त्यांचेच नाव देण्यात आले. याच महूने भारतीय हॉकीला तिचा एक थोर गोलरक्षक दिला, हे मात्र आपल्याकडे फारसे कोणाला आठवत नाही.

शंकर लक्ष्मण यांचा जन्म ७ जुलै १९३३ रोजी झाला. महूलगतचे कोदरिया हे त्यांचे गाव. छावणीच्या आसऱ्याने वाढलेल्या गावांना एक देणगी आपोआप मिळत असे, ती म्हणजे मैदाने. पलटणी येत, जात. त्यांच्याबरोबर फुटबॉल येई, हॉकी येई आणि संध्याकाळच्या सामन्यांना गावातील पोरे कडेला उभी राहत. शंकर यांचा पहिला खेळ हॉकी नव्हता. कोदरियात ते फुटबॉल खेळत आणि तेही बचाव फळीत, फुलबॅक म्हणून. समोरून येणाऱ्या खेळाडूच्या पायांकडे न पाहता चेंडूकडे पाहायचे, अंगावर येणाऱ्या फटक्याला पाठ दाखवायची नाही, हे धडे त्यांनी फुटबॉलच्या मैदानावरच गिरविले असणार. पुढे ज्या पायांनी त्यांनी जगातील भल्याभल्या हॉकीपटूंचे फटके परतविले, ते पाय फुटबॉलने घडविलेले होते.

बँडमधला मुलगा

१९४७ मध्ये, वयाच्या चौदाव्या वर्षाच्या आसपास, शंकर लष्करात दाखल झाले ते बँडमधील वादक म्हणून. त्या काळी गरीब घरातील मुलाला लष्कराचा बँड हा भाकरीचा खात्रीचा मार्ग होता. मुलगा वयात येईपर्यंत वाद्य शिकायचा, कवायत शिकायचा आणि पुढे शिपाई व्हायचा. शंकर यांचे नाते जुळले ते मराठा लाइट इन्फन्ट्रीशी. १७६८ पासूनची परंपरा सांगणारी, बेळगावला मुख्य केंद्र असलेली आणि महाराष्ट्रातील गावोगावच्या तरुणांनी भरलेली ही पलटण. महूचा हा मुलगा तिच्यात रुळला आणि सारी हयात तिचाच झाला. १९७९ मध्ये ते निवृत्त झाले तेव्हा त्यांच्या खांद्यावर कॅप्टनचा हुद्दा होता. बँडमधल्या पोराने कॅप्टनपदापर्यंत केलेल्या या वाटचालीत हॉकीचा वाटा मोठा होता.

लष्करातच त्यांच्या हाती हॉकीची काठी आली. फुलबॅकची जागा सोडून ते आणखी चार पावले मागे सरकले आणि गोलमध्ये उभे राहिले. सेनादलाच्या संघातून खेळताना त्यांची चपळाई निवडकर्त्यांच्या नजरेत भरली. १९५६ मध्ये मेलबर्न ऑलिम्पिकला निघालेल्या भारतीय संघात तेवीस वर्षांच्या शंकर लक्ष्मण यांचे नाव होते.

त्या काळचा गोलरक्षक कसा उभा राहत असे, हे आजच्या वाचकाला डोळ्यांसमोर आणणे कठीण जाईल. आजचा हॉकी गोलरक्षक डोक्यापासून पायापर्यंत चिलखतात असतो. शिरस्त्राण, चेहऱ्यासमोर जाळी, छातीवर जाड कवच, हातमोजे, फेसाचे भलेथोरले पॅड. लक्ष्मण यांच्या काळी पायांना पॅड, पावलांवर आच्छादन आणि हातात काठी, एवढाच काय तो सरंजाम. डोके उघडे, चेहरा उघडा. चेंडू चामड्याचा, आतून बुचाचा आणि वजनाने दीडशे ग्रॅमहून अधिक. मैदान गवताचे. ऑलिम्पिकमध्ये कृत्रिम हिरवळ आली ती १९७६ च्या माँट्रियलमध्ये. तोपर्यंत चेंडू गवताच्या एखाद्या उंचवट्यावर आदळून कोणत्या बाजूला उसळी घेईल याचा नेम नसे. पेनल्टी कॉर्नरला आक्रमक संघातील एक खेळाडू चेंडू हाताने थांबवीत असे आणि दुसरा सारी ताकद एकवटून तो हाणत असे. पंधरा-सोळा यार्डांवरून सुटलेला तो फटका उघड्या चेहऱ्याने सामोरा घ्यायचा, याला नुसते कसब पुरत नाही, त्याला छाती लागते.

मेलबर्नची कोरी पाटी

मेलबर्नमध्ये भारताचे नेतृत्व बलबीरसिंग सीनियर यांच्याकडे होते. गटातील सामने एकतर्फी झाले. अफगाणिस्तानवर १४, अमेरिकेवर १६ आणि सिंगापूरवर ६ गोल चढविले गेले. अशा सामन्यांत गोलरक्षकाला काम नसते. तो दूरवरून आपल्या आघाडीचा खेळ पाहत उभा असतो. कसोटी लागली ती पुढे. उपांत्य सामन्यात जर्मनीविरुद्ध भारताला एकच गोल करता आला. ६ डिसेंबर १९५६ रोजी अंतिम सामन्यात गाठ पडली ती पाकिस्तानशी. नऊ वर्षांपूर्वीपर्यंत एकाच संघातून खेळणारे हे दोन देश ऑलिम्पिकच्या अंतिम सामन्यात प्रथमच समोरासमोर आले होते. रणधीरसिंग जेंटल यांनी पेनल्टी कॉर्नरवर एकमेव गोल केला आणि ती एका गोलाची आघाडी शेवटपर्यंत टिकली. ती टिकविणाऱ्या हातापायांत लक्ष्मण यांचे हातपाय होते.

स्पर्धेअखेर भारताच्या खात्यावर केलेले गोल ३८ होते आणि स्वीकारलेले गोल शून्य. ऑलिम्पिकमध्ये भारताची पाटी अशी कोरी राहण्याची त्यापूर्वीची वेळ १९२८ च्या ॲमस्टरडॅमची. तेव्हा भारताने २९ गोल केले होते आणि एकही स्वीकारला नव्हता. त्या संघाचे गोलरक्षक रिचर्ड ॲलन. ॲलन यांचा जन्म नागपूरचा. भारतीय हॉकीच्या या दोन कोऱ्या पाट्यांपैकी एक विदर्भात जन्मलेल्या गोलरक्षकाची आणि दुसरी मराठा पलटणीच्या शिपायाची, हा योगायोग महाराष्ट्राने मनाशी जपावा असा आहे.

रोमचा तो एक गोल

यानंतरची दहा वर्षे भारत-पाकिस्तान हॉकीची झाली. दर दोन वर्षांनी, एकदा ऑलिम्पिक तर एकदा आशियाई स्पर्धा, असे हे दोन संघ एकमेकांसमोर उभे ठाकत. सामन्यात गोल एखाददुसराच होई. १९५८ मध्ये टोकियोच्या आशियाई स्पर्धेत दोघांची लढत गोलशून्य बरोबरीत सुटली. दोन्ही संघ अपराजित राहिले आणि सुवर्णपदक गोलसरासरीच्या हिशेबावर पाकिस्तानला मिळाले. गोल न खाताही पदकाचा रंग बदलतो, हा अनुभव लक्ष्मण यांनी तेथे घेतला.

१९६० चे रोम. कर्णधार लेस्ली क्लॉडियस. १९२८ पासून भारत ऑलिम्पिकमध्ये एकही सामना हरला नव्हता; सहा सुवर्णपदके ओळीने मिळाली होती. उपांत्यपूर्व फेरीत ऑस्ट्रेलियाला आणि उपांत्य फेरीत ब्रिटनला एकेका गोलाने हरवून संघ अंतिम सामन्यात पोहोचला. ९ सप्टेंबर १९६० रोजी पूर्वार्धातच पाकिस्तानच्या नसीर बुंदा यांनी गोल केला. उरलेल्या वेळात भारताने जंग जंग पछाडले, पण बरोबरी साधली नाही. बत्तीस वर्षांची मक्तेदारी एका गोलाने संपली.

संघ हरतो तेव्हा गोल न करू शकलेल्या पाच आघाडीवीरांचा हिशेब कोणी मांडत नाही. गोल झाला त्या क्षणी मागे कोण उभा होता, एवढेच विचारले जाते. त्या अंतिम सामन्यात भारताला साठ-सत्तर मिनिटांत एकही गोल करता आला नव्हता. तरीही रोमचा पराभव म्हटला की डोळ्यांसमोर येतो तो लक्ष्मण यांच्यामागे जाळ्यात विसावलेला चेंडू. तीन ऑलिम्पिक अंतिम सामन्यांत त्यांनी स्वीकारलेला हा एकमेव गोल. पण त्या एकाने सुवर्णाचे रौप्य केले.

दोन वर्षांनी, १९६२ मध्ये जकार्ताच्या आशियाई स्पर्धेतही भारत अंतिम सामन्यात पाकिस्तानकडून ०-२ असा हरला. पुन्हा रौप्यपदक. भारतीय हॉकीचे दिवस संपले, असे बोलले जाऊ लागले. एखाद्या गोलरक्षकाचे मन या काळात खचले असते तर नवल नव्हते. लक्ष्मण मात्र आपल्या जागेवर टिकून राहिले.

टोकियोची परतफेड

१९६४ च्या टोकियो ऑलिम्पिकला भारतीय संघ चरणजितसिंग यांच्या नेतृत्वाखाली गेला. सुरुवात मनासारखी झाली नाही. जर्मनी आणि स्पेन या दोघांशीही १-१ अशी बरोबरी पत्करावी लागली. हळूहळू संघाची घडी बसली, उपांत्य फेरीत ऑस्ट्रेलियाला ३-१ असे नमविले आणि २३ ऑक्टोबर १९६४ रोजी ओळीने तिसऱ्यांदा ऑलिम्पिकच्या अंतिम सामन्यात भारत-पाकिस्तान ही जोडी उभी राहिली. दोन्ही बाजूंच्या अनेकांच्या मनात रोम जागे होते. लक्ष्मण यांच्या मनात तर असणारच.

पूर्वार्ध गोलशून्य राहिला. उत्तरार्धात भारताला पेनल्टी कॉर्नर मिळाला. पृथिपालसिंग यांचा जबरदस्त फटका गोलरेषेवर उभ्या असलेल्या पाकिस्तानी बचावपटू मुनीर दार यांच्या पायाला लागून अडला. पंचांनी पेनल्टी स्ट्रोक दिला आणि मोहिंदर लाल यांनी चेंडू शांतपणे जाळ्यात धाडला. भारत १-०.

त्या क्षणापासून सामना एका बाजूला झुकला. पाकिस्तानचे आक्रमण लाटेसारखे येत राहिले. पेनल्टी कॉर्नर मिळत राहिले, फटके येत राहिले आणि प्रत्येक फटक्याच्या वाटेत कधी लक्ष्मण यांचे पॅड, कधी पाऊल, कधी काठी येत राहिली. चार वर्षांपूर्वी एका गोलाने जे गेले होते, ते आता एका गोलाच्याच आधाराने परत मिळवायचे होते आणि तो आधार सांभाळण्याची जबाबदारी त्याच माणसावर होती. शिटी वाजली तेव्हा फलक १-० असाच होता. भारताकडे सुवर्णपदक परत आले. त्या दिवशीचा त्यांचा खेळ पाहून एका परदेशी हॉकी नियतकालिकाने लिहिले की, लक्ष्मण यांना हॉकीचा चेंडू फुटबॉलएवढा दिसत असावा. कोदरियाच्या मैदानावर फुटबॉल खेळून मोठा झालेल्या माणसाला याहून समर्पक दाद मिळाली नसती.

त्याच वर्षी त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला.

गोलमधला कर्णधार

त्यानंतर घडले ते त्या काळच्या रूढीला सोडून होते. कर्णधार म्हणजे आघाडीचा किंवा मधल्या फळीचा खेळाडू, असा प्रघात होता. गोलरक्षक मैदानाच्या एका टोकाला असतो. तो संघाला काय चालविणार, असे मानले जाई. १९६६ मध्ये बँकॉकच्या आशियाई स्पर्धेसाठी भारताचे कर्णधारपद शंकर लक्ष्मण यांच्याकडे आले. भारतीय हॉकी संघाचे नेतृत्व करणारे ते पहिले गोलरक्षक. खरे तर साऱ्या मैदानाचे चित्र डोळ्यांसमोर असलेला एकमेव खेळाडू गोलरक्षकच असतो. कोणाची जागा सुटली आहे, कोणता बचावपटू थकला आहे, हे त्यालाच आधी दिसते. लक्ष्मण यांना तर समोरचा संघही दहा वर्षांच्या परिचयाचा होता.

बँकॉकच्या अंतिम सामन्यातही पुन्हा पाकिस्तानच. ठरलेल्या वेळेत गोल झाला नाही. जादा वेळेत रेल्वेच्या बलबीरसिंग यांनी गोल केला आणि भारताने आशियाई स्पर्धेतील हॉकीचे पहिले सुवर्णपदक जिंकले. पुन्हा १-०, पुन्हा मागची पाटी कोरी. टोकियो आणि जकार्ता येथे हुकलेले पदक कर्णधार लक्ष्मण यांच्या हाती आले. १९६७ मध्ये त्यांना पद्मश्रीने गौरविण्यात आले.

१९५६ ते १९६६ या दहा वर्षांत ऑलिम्पिक आणि आशियाई स्पर्धांतील भारत-पाकिस्तानच्या या सहा लढती एकत्र मांडल्या तर हिशेब असा होतो : भारताचे तीन विजय, दोन पराभव, एक बरोबरी. सहा सामन्यांत मिळून भारताने स्वीकारलेले गोल फक्त तीन. त्या काळी पाकिस्तानची आघाडी जगात सर्वांत धारदार मानली जात होती, हे ध्यानात घेतले म्हणजे या तीनाच्या आकड्याचे मोल कळते.

छावणीतली अखेर

१९६८ च्या मेक्सिको ऑलिम्पिकसाठी निवडलेल्या संघात लक्ष्मण यांचे नाव नव्हते. भारत तेथे कांस्यपदकावर थांबला. ऑलिम्पिकच्या अंतिम फेरीबाहेर राहण्याची १९२८ पासूनची ती पहिलीच वेळ. लक्ष्मण यांची आंतरराष्ट्रीय कारकीर्द येथे संपली. ते पलटणीत परतले, अकरा वर्षे नोकरी केली आणि निवृत्त होऊन महूलाच स्थिरावले.

पुढची पाने वाचताना मन जड होते. हॉकीने त्यांना नाव दिले, पण पैसा दिला नाही. त्या पिढीतील कोणालाच दिला नाही. उतारवयात परिस्थिती ओढगस्तीची झाली. त्यातच पायाला गँगरीन झाले. डॉक्टरांनी पाय कापण्याचा सल्ला दिला. ज्या पायांवर देशाची दोन ऑलिम्पिक सुवर्णपदके तोलली गेली होती, ते पाय. लक्ष्मण यांनी शस्त्रक्रियेला होकार दिला नाही. निसर्गोपचाराची वाट धरली. आजाराच्या बातम्या वर्तमानपत्रांत आल्यावर थोडीफार मदत पोहोचली, परंतु तोवर उशीर झाला होता. २९ एप्रिल २००६ रोजी महू येथे, वयाच्या बहात्तराव्या वर्षी त्यांची प्राणज्योत मालवली. लष्कराने आपल्या कॅप्टनला लष्करी इतमामात निरोप दिला. पलटण विसरली नव्हती. विसरलो होतो ते आपण, टाळ्या वाजविणारे.

त्यांच्या पश्चात गोलरक्षकाच्या नशिबात थोडा फरक पडला आहे. २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये भारतीय हॉकी संघाचे नेतृत्व पी. आर. श्रीजेश या गोलरक्षकाने केले. २०२१ मध्ये टोकियोतच, जर्मनीविरुद्धच्या सामन्याच्या अखेरच्या क्षणी पेनल्टी कॉर्नर अडवून त्याने कांस्यपदक पक्के केले, तेव्हा देशाने गोलपोस्टवर चढून बसलेल्या त्या गोलरक्षकाचे छायाचित्र डोक्यावर घेतले. त्याच टोकियोत तीन दिवस आधी सविता पुनिया भारतीय महिला संघाच्या गोलसमोर भिंत होऊन उभी राहिली आणि बलाढ्य ऑस्ट्रेलियाला एकही गोल करू न देता संघ १-० असा जिंकला. फुटबॉलमध्ये अदिती चौहान ही भारताची गोलरक्षक २०१५ मध्ये इंग्लंडच्या वेस्ट हॅम युनायटेडच्या महिला संघापर्यंत पोहोचली. लक्ष्मण फुटबॉलकडून हॉकीच्या गोलमध्ये आले. खेळ कोणताही असो, त्या दोन खांबांमधले एकटेपण एकच आहे.

जळगाव आणि धुळ्याच्या मैदानांवर आज शाळेतल्या मुलीही फुटबॉल खेळतात, हॉकी खेळतात. संघ निवडताना गोलमध्ये उभे राहायला सहसा कोणी आपणहून तयार होत नाही. ज्याला किंवा जिला पळता येत नाही, त्याला गोलमध्ये उभे करा, असा एक गावठी नियमच होऊन बसला आहे. अशा वेळी तेथल्या क्रीडाशिक्षकांनी सातपुड्यापलीकडच्या या शेजाऱ्याची गोष्ट मुलांना जरूर सांगावी. दहा जण पुढे धावत असताना मागे एक जण उभा असतो, आणि संघाचे सोने त्याच्या पायाशी असते.

(प्रतिनिधी)